उष्टा चमचा, मुक्काम दोहा

करमाळ्याला परत आल्यापासून जो भेटतो तो एकच विचारतो, "काय मग, उंटावर बसला का?"

नाही बसलो. आठ दिवस कतारमध्ये राहिलो आणि एकही उंट जवळून बघितला नाही. त्याऐवजी एका इटालियन बाईकडून टोमॅटोची चटणी करायला शिकलो. हे सांगितलं की समोरच्याचा चेहरा आमच्या गणिताच्या सरांसारखा होतो, माझा पेपर तपासताना व्हायचा तसा. पासपोर्टासाठी पोलीस स्टेशनच्या दोन चकरा मारायच्या, नवीन बॅग घ्यायची, वाळवंटात जायचं आणि तिथं इटलीची चटणी शिकायची. आमच्या घरात मला हुशार का समजत नाहीत, ते यावरून लक्षात येईल.

पण त्या चटणीवर माझ्या ताईची नोकरी अडकली होती, आणि मी तिथं हजर होतो. नुसता हजर नव्हतो, शेजारी एप्रन बांधून उभा होतो. म्हणून हे लिहायला घेतलं. उंटाचं पुन्हा कधीतरी कुणीतरी लिहील.

अल सद्द

मे महिन्यात कतारला जातोय म्हणल्यावर सगळ्यांनी उन्हाची भीती घातली. करमाळ्याच्या माणसाला! आमच्याकडे मे महिन्यात कुत्रीसुद्धा दुकानाच्या पायरीवरून उठत नाहीत. दोह्यात ऊन आहेच, पण ते भेटतं कधी? घरातून लिफ्टमध्ये, लिफ्टमधून गाडीत, गाडीतून मॉलमध्ये. मधे जी दहा पावलं उघड्यावर पडतात तेवढंच काय ते ऊन. बाकी सगळीकडे एसी. आठ दिवसांत मला घाम एकदा आला आणि सर्दी दोनदा झाली. ताईने मला दाजींचा स्वेटर दिला. वाळवंटात स्वेटर घालून बसलेला माझा फोटो आईला पाठवला, तर तिचा उलट मेसेज, "नक्की पोचलास ना कतारला?"

ताईचं घर अल सद्दला. चौथा मजला, खाली किराणा, लाँड्री आणि केरळच्या माणसाचं चहाचं दुकान. तिथं चहाची वेगळीच शिस्त. गाडीतून उतरायचं नाही. दुकानासमोर थांबायचं, हॉर्न मारायचा, चहा खिडकीशी येतो. आमच्या स्टँडवरसुद्धा चहा खिडकीशी येतो, पण तिथं हॉर्न ड्रायव्हर मारतो आणि चहा खालीच राहतो.

दाजी इंजिनियर आहेत. मोठमोठ्या इमारतींना गार ठेवायचं काम करतात, म्हणजे माझ्या सर्दीला तेच जबाबदार. माणूस भला आहे, पण घरी असले तरी ऑफिसातच असतात. कानाला फोन आणि तोंडात, "या या, नो इश्यू, थर्सडेपर्यंत होईल, इन्शाल्ला." पहिल्याच दिवशी जेवताना मी त्यांची नक्कल केली. दाजी हसले. माझी आठ वर्षांची भाची ओवी तर खुर्चीवरून पडायची बाकी राहिली. हसू आवरल्यावर म्हणाली, "मामा, डू मम्मा नाऊ!"

मी ताईकडे बघितलं आणि थांबलो. काय करणार नक्कल? ताई काही बोलतच नव्हती. वाढत होती, भांडी उचलत होती, मधेच फोन बघत होती. ही तीच ताई, जी करमाळ्यात असताना भाजीवाल्याशी भांडली की तिसऱ्या गल्लीत ऐकू जायचं.

ओवीला तिने विचारलं, "अजून पोळी?"

"आय ॲम फुल, मम्मा."

बस. पोरीला मराठी सगळं कळतं, पण उत्तर इंग्रजीतून येतं. ताई मराठीत विचारते, मुलगी इंग्रजीत सांगते, दाजी फोनवर हिंदीत कुणाला तरी झापतात आणि मी मधे बसून तिघांच्या बाजूने जेवतो.

मुशैरिब

तिसऱ्या दिवशी ताई मला मुशैरिब दाखवायला घेऊन गेली. तिथे सगळं नवीन आहे पण जुन्यासारखं दिसतं. आमच्याकडे सगळं जुनं आहे आणि आणखी जुनं दिसतं. गल्ल्या अशा स्वच्छ की चप्पल काढून चालावं वाटतं. मधून एक ट्राम जाते, अगदी हळू, फोटो काढून घ्यायला आल्यासारखी.

एका कॉफीच्या दुकानात बसलो. मी मेनूकार्डातलं सगळ्यात लांब नाव असलेलं काहीतरी मागवलं. आली साधी कॉफी. ताईने स्वतःच्या कपाला हातसुद्धा लावला नाही.

"पक्या, परवा शुक्रवारी तुला माझ्याबरोबर यायचंय. द पर्लला. कुकिंग क्लास आहे, इटालियन."

"मला चहा पण नीट येत नाही."

"माहितीये. पण तिथं जोडीनं घेतात. माझी मैत्रीण येणार होती, तिची मुलगी आजारी पडली. तुझ्या दाजींना म्हणलं तर त्यांची मीटिंग."

"अगं पण क्लास कशाला लावते? तुझ्या हातचं खाऊन माणसं रडतात."

मग तिने सांगितलं. गेली सहा वर्षं ती नोकरी शोधत होती. लग्नाआधी पुण्याला फूड टेक्नॉलॉजी केलेलं. इथं येऊन शंभर ठिकाणी अर्ज टाकले, कुठून उत्तर नाही. द पर्लमध्ये एक इटालियन बाई स्वयंपाकाचे क्लास घेते. तिला मदतीला कुणीतरी हवंय. ताईने विचारलं, तर बाईने कळवलं, कागद मला नकोत, शुक्रवारच्या क्लासला ये, मला तुझा हात बघायचाय.

"म्हणजे इंटरव्ह्यू आहे," मी म्हणलं.

"हो. आणि तू तोंड बंद ठेवायचं. नकला करायच्या नाहीत. कुणाच्याच."

"दाजींना माहितीये?"

"सांगितलंय. म्हणाले, बघ जमलं तर." शेवटचे तीन शब्द तिने हुबेहूब दाजींच्या आवाजात म्हणले. आमच्या घरात नकला करणारा मी एकटा नाही, हे मला त्या दिवशी कळलं. मग ती हळू आवाजात म्हणाली, "ओवीला आता माझी फार गरज नसते रे. शाळेतून येते, खोलीत जाते. मला सकाळी उठून कुठंतरी जायचंय. कुठंही. हे झालं नाही ना, तर मी पुन्हा अर्ज करणार नाही."

मी कॉफी पिऊन टाकली. तिची पण.

द पर्ल

द पर्ल म्हणजे समुद्रात भर टाकून केलेलं बेट. आमच्याकडे तळ्यात भर टाकली तर तलाठी येतो, इथं करोडपती राहायला आले. बोटी एका रांगेत लावलेल्या, आणि त्या बोटींपेक्षा माणसं कमी. ताई गाडी चालवत होती. सहा लेनच्या रस्त्यावर एका हाताने. हिला मी लुनावरून गटारात पडताना बघितलंय.

क्लास एका मोठ्या खोलीत होता. चार टेबलं, प्रत्येकावर शेगडी. आमच्याशिवाय तीन जोड्या. एक केरळचं जोडपं, ज्यांनी आल्या आल्या फोन स्टँडला लावून शूटिंग सुरू केलं. दोन फिलिपिनो मैत्रिणी, एका हॉस्पिटलात नर्स, आज सुट्टी म्हणून आलेल्या. आणि इथल्याच एक कतारी आजी, सगळे त्यांना उम्म खालिद म्हणत होते, बरोबर त्यांची सून. आजी काळ्या पायघोळ अबायात, बोटात अंगठ्या, आणि डोळे असे की खोलीत कुणी किती तेल घातलं ते बसल्या जागी दिसावं.

आणि मग आली सिन्योरा ग्रात्सिया. आपण ग्रात्सियाबाई म्हणू. साठीची, बुटकी, आणि आवाज आमच्या हेडमास्तरांचा, प्रार्थनेला उशीर झाल्यावर निघायचा तो. तिचं इंग्रजी तोडकं आणि माझंही तोडकं, त्यामुळे आमचं छान जमलं. ती प्रत्येक वाक्यात हात, खांदे, भुवया सगळं वापरायची. मी नकलाकार माणूस. माझ्यासमोर अशी बाई उभी करून नक्कल करू नको म्हणणं म्हणजे मांजराला दुधाची राखण करायला सांगणं.

"पास्ता!" ती म्हणाली. "पीठ! पाणी! आणि?" सगळ्यांकडे बघितलं. "आणि प्रेम!"

केरळचा नवरा म्हणाला, "अँड सॉल्ट?"

ग्रात्सियाबाईने त्याच्याकडे अशी नजर टाकली की त्याने स्वतःचं शूटिंग थांबवलं.

अंडं नाही, मैदा नाही, बारीक रवा आणि कोमट पाणी. तिच्या गावाकडे दक्षिणेत असंच करतात म्हणे. आम्ही घरचे शाकाहारी, म्हणजे ताईचं एक टेन्शन गेलं. त्या पिठाच्या छोट्या छोट्या वाट्या करायच्या, अंगठ्याने दाबून, कानाच्या पाळीसारख्या. मी म्हणणार होतो की हे तर आपल्या लग्नातल्या खिरीच्या नखुल्या, पण ताईने टेबलाखालून पायावर पाय दिला. "कुठंही गेलं की आपलंच काढायचं नाही," ती पुटपुटली. "गप मळ."

मी मळलं. पाच मिनिटांत हात दुखायला लागले. ताईने मुठीने चार दणके दिले, गोळा पालथा केला, पुन्हा चार दणके. दहा मिनिटांत पीठ असं झालं की त्याला गालगुच्चा घ्यावा वाटेल. सवयीने तिने त्याला तेलाचं बोट लावलं आणि वर वाटी पालथी घातली.

ग्रात्सियाबाई आली. वाटी उचलली, गोळ्यात बोट दाबलं. गोळा हळूच वर आला.

"किती वर्षं?" तिने विचारलं.

"सातवीत होते तेव्हापासून," ताई म्हणाली.

बाई जाताना वाटी पुन्हा तशीच पालथी घालून गेली. ताईचे कान लाल झाले. नोकरी निम्मी खिशात आली होती.

इथे मी माती खाल्ली. बाई आतल्या खोलीत टोमॅटो आणायला गेली, तेवढ्यात नर्स मैत्रिणींनी मला विचारलं, बाई काय म्हणाली? मी सांगितलं. म्हणजे करून दाखवलं. खांदे वर, भुवया वर, हात छताला, "पीठ! पाणी! प्रेम!" सगळी खोली हसली. उम्म खालिदसुद्धा ओढणीचं टोक तोंडाला लावून हसल्या. मग एकदम सगळे गप्प झाले. बाई माझ्या पाठीमागे उभी आहे, हे मला त्यावरून कळलं.

"पुन्हा कर," ग्रात्सियाबाई म्हणाली.

मी ताईकडे बघितलं. ताईने डोळे मिटून घेतले होते. केलं पुन्हा, पण अर्ध्याच आवाजात.

"खांदे चुकले," बाई म्हणाली. "आणखी वर. कानापर्यंत. माझी आई असे करायची." तिने स्वतः करून दाखवले. मग मला चारी टेबलांवरचा लसूण सोलायला बसवलं. शिक्षा होती का बक्षीस, ते अजून कळलेलं नाही. नखं दोन दिवस वास मारत होती, त्यावरून शिक्षाच असावी.

मग चटणी. म्हणजे सॉस. तेल, लसूण, टोमॅटो, बेसिल. बेसिल म्हणजे तुळशीची बाहेरगावी शिकलेली बहीण. ताईने पानं तोडताना सवयीने हात कपाळाला लावला. टोमॅटो पडल्यावर ग्रात्सियाबाईने हवेत हात नेला, न दिसणारी बाटली उचलली, न दिसणारं बूच काढलं आणि प्रत्येक पॅनवर न दिसणारी वाइन ओतली. मग सुस्कारा टाकून म्हणाली, "दोहा." क्लासमध्ये दारू चालत नाही, त्याचं दुःख ती दर वेळी असं करून मोकळं करते. मी मनातल्या मनात टाळ्या वाजवल्या. काय सफाई! शेवटचा थेंबसुद्धा झटकला बाईने.

आता मुख्य गोष्ट.

बाईच्या हातात एक लाकडी चमचा होता. ती पहिल्या टेबलाशी गेली, चमचा पॅनमध्ये, तिथून तोंडात, तिथून परत पॅनमध्ये, ढवळलं, "साखर!" दुसऱ्या टेबलाशी. चमचा पॅनमध्ये, तोंडात, पॅनमध्ये. "थांब, घाई नको!" मला ताईचा श्वास ऐकू येत होता.

आमच्या घरची गोष्ट सांगितली पाहिजे. आमची आई स्वयंपाक करताना कधीही चव बघत नाही. देवाला नैवेद्य दाखवल्याशिवाय कुणाच्या जिभेला काही लागायचं नाही, हा पहिला नियम. आणि तोंडाला लागलेला चमचा भांड्यात घालायचा नाही, हा त्याच्याही आधीचा. मीठ बरोबर आहे का हे आई आमटीच्या वासावरून, उकळीच्या फेसावरून सांगते. ताईचंही तसंच. दोह्यात देव्हारा मायक्रोवेव्हच्या वरच्या फळीवर आहे, पण नियम तोच. देवधर्माचं सोडा, तिचा हात तोंडाकडे जातच नाही.

बाई आमच्या टेबलाशी आली. चमचा आमच्या पॅनमध्ये. बाईच्या तोंडात. डोळे मिटले, जिभेने चमचा पुसून घेतला, आणि परत आमच्या पॅनमध्ये. तीन गोल ढवळलं.

"ब्राव्हा," ती म्हणाली. "मीठ थोडं कमी." आणि पुढे गेली.

ताईने शेगडी बंद केली. पॅन उचललं, कडेला ठेवलं आणि नवीन पॅनमध्ये तेल घातलं.

"ताई, काय करतेस?"

"लसूण दे."

"अगं, ब्राव्हा म्हणाली ती! चिमूटभर मीठ टाक आणि सोड!"

"उष्टं झालंय ते."

"अगं तिचाच क्लास, तिचंच पॅन!"

"मग? उष्टं ते उष्टं. लोकांना कसं वाढू?"

"लोक म्हणजे मी! मी खातो!"

"तू खा. लसूण दे."

दिला. कडेला ठेवलेल्या पॅनमध्ये पाव बुडवून खाल्ला. फार सुंदर झाली होती. मीठ मात्र खरंच थोडं कमी होतं.

दहा मिनिटांनी ग्रात्सियाबाई परत आली आणि टेबलावर दोन पॅन बघून थांबली. एक भरलेलं, उकळतंय. एक अर्धं पावाने पुसलेलं, शेजारी मी, ओठाला लाल.

"हे काय?"

ताईने एका बशीत चमचाभर सॉस वेगळा काढून, शेजारी स्वच्छ चमचा ठेवून, बशी पुढे केली. बाईने बशीकडे बघितलं, ताईकडे बघितलं, स्वतःच्या लाकडी चमच्याकडे बघितलं. बाई मूर्ख नव्हती.

"माझ्या चमच्यामुळे?"

मी वाचवायला गेलो, "मॅडम, शी वॉन्ट्स टू बी मोअर परफेक्ट," असं काहीतरी. बाईने माझ्याकडे न बघता एक बोट वर केलं. मी गप्प.

"हो," ताई म्हणाली. "आमच्यात चालत नाही. सॉरी. तुमचा अपमान करायचा नव्हता."

बाईने बशीतलं चाखलं. "मीठ कमी. पुन्हा. मी सांगितलं होतं. तू चाखतेस की नाही?"

"नाही."

"कधीच?"

"कधीच."

"मग तुला कळतं कसं?"

"बघून कळतं. वासावरून कळतं." ताई एक क्षण थांबली. "घरचे टोमॅटो असले तर."

ग्रात्सियाबाईने चमचा खाली ठेवला. पहिल्यांदाच तिचे दोन्ही हात स्थिर होते. "ऐक. तुझे हात चांगले आहेत. माझ्यापेक्षा चांगले असतील. पण मला स्वयंपाकीण नको. स्वयंपाक मी करते. मला अशी बाई हवी जी टेबलाटेबलाशी जाईल, परक्या माणसांचं चाखेल आणि सांगेल, इथे काय चुकलं. कामच ते आहे. तुझा डोळा तुझ्या घरात चालतो. इथं प्रत्येकाचं पॅन वेगळं." तिने बाकीच्या तीन टेबलांकडे हात केला. "जा. सांग मला काय चुकलंय. नाहीतर जेवून घरी जा, आपली मैत्री राहील."

मी आयुष्यात पुष्कळ ठिकाणी नको तिथं हसलो आहे. तिथं हसू आलं नाही.

ताईने एप्रनला हात पुसले. रॅकमधून एक स्वच्छ पळी घेतली आणि केरळवाल्यांच्या टेबलाशी गेली. पळी पॅनमध्ये घातली, उंच धरली आणि तळहातावर एक थेंब सोडला. तो थेंब ती बघत राहिली. मला वाटलं आता आईसारखा वास घेईल आणि परत येईल. तिने जीभ लावली.

"साखर जास्त पडली," ती म्हणाली. "सॉस आंबट लागला म्हणून घातली ना? तो आंबट नव्हता, कच्चा होता. आणखी शिजवा."

नवरा बायकोकडे बघायला लागला. बायको म्हणाली, "आय टोल्ड यू!"

नर्सच्या टेबलाशी तिला जीभसुद्धा लावावी लागली नाही. लांबूनच म्हणाली, "लसूण जळलाय. वरून तेल घालून लपवलंय." दोघी तोंडावर हात ठेवून खिदळल्या. एकीने शपथेवर सांगितलं की तिला वाटलं होतं, कुणाला कळणार नाही.

ग्रात्सियाबाई हाताची घडी घालून उभी. चेहऱ्यावर काही नाही.

राहिल्या उम्म खालिद. ताई पळी घेऊन तिथं पोचायच्या आत आजींनी स्वतःचा चमचा पॅनमध्ये घातला, तोंडात घेतला, मान डोलावली. मग तोच चमचा पुन्हा भरला, फुंकर मारली, खाली दुसऱ्या हाताची ओंजळ धरली, थेंब सांडू नये म्हणून, आणि ताईच्या तोंडाशी नेला.

"यल्ला, हबीबती." सुरावरून 'घे गं पोरी' असं असावं.

सून अरबीत काहीतरी हळूच म्हणाली, बहुतेक दुसरा चमचा घ्या म्हणून. आजींनी ऐकलं नाही. आमच्याकडे आजारी पोराला भरवतात तसा चमचा धरून त्या उभ्या होत्या. पळी ताईच्या हातात तशीच. मागे सरकावं तर म्हातारीचा अपमान, पुढे व्हावं तर आईचं सगळं घर आडवं. तिने मान वळवून माझ्याकडे बघितलं. माझ्याकडे कुठल्याही प्रसंगाला एक तोंड तयार असतं, हेडमास्तरांचं, कंडक्टरचं, दाजींचं. तेव्हा नव्हतं एकही.

ताईने तोंड उघडलं.

गिळलं. डोळे मिटले. मग म्हणाली, "मिठाला बरोबर आहे. पण आंबटपणा टोमॅटोचा नाही, लिंबाचा आहे."

मराठीत. कुणाला काही कळलं नाही. तिला ते उशिरा लक्षात आलं, मग इंग्रजीत पुन्हा सांगितलं. सुनेने आजींना अरबीत सांगितलं. उम्म खालिदनी पिशवीत हात घातला आणि पिळलेलं अर्धं लिंबू काढून टेबलावर ठेवलं. मागच्या एका क्लासला बाईची ती हवेतली बाटली बघून त्यांना वाटलं होतं, इथं काहीतरी आंबट कमी पडतंय. घरून लिंबू घेऊनच आल्या होत्या. कुणाला न विचारता पिळलं.

ग्रात्सियाबाईने ते लिंबू उचललं, बघितलं, पॅन चाखलं. स्वच्छ चमच्याने. मग दोन्ही खांदे कानापर्यंत गेले.

"पुढच्या शनिवारी, नऊ वाजता," ती ताईला म्हणाली. "केस बांधून. एक महिना बघू."

परत अल सद्दकडे

जेवलो. चारी टेबलांचं. मला कुठल्याच चमच्याची अडचण नाही.

पार्किंगमध्ये आल्यावर ताई गाडीजवळ थांबली, पाण्याची बाटली काढली आणि कुणाच्या तरी भल्यामोठ्या पांढऱ्या गाडीमागे वाकून चूळ भरली. एकदा, दोनदा, तीनदा. मग तोंड पुसलं, चष्मा नीट केला आणि हसायला लागली. इतकी हसली की बोटींच्या बाजूला उभा असलेला सिक्युरिटीवाला बघायला लागला. मी बऱ्याच वर्षांनी तिचा तिसऱ्या गल्लीत ऐकू जाणारा आवाज ऐकला.

गाडीत बसल्यावर तिने दाजींना स्पीकरवर फोन लावला. दाजी मीटिंगमध्ये होते, तरी उचलला. ताई म्हणाली, "झालं." मग दाजी म्हणाले, "थांब, मी बाहेर येतो," आणि खुर्ची सरकल्याचा आवाज आला. कुठल्याही मीटिंगमधून दाजी बाहेर आल्याचं मी पहिल्यांदाच ऐकत होतो. शनिवारी ओवीला कोण बघणार, कागदपत्रं कुठली लागणार, सगळं तिथंच बोलणं झालं, थर्सडेपर्यंत वगैरे काही नाही. मी खिडकीतून समुद्र बघत बसलो.

फोन ठेवला. सिग्नल लागला. ताई समोर बघत म्हणाली, "पक्या, आईला सांगायचं नाही हं."

"नोकरीचं?"

"नोकरीचं मीच सांगेन. चमच्याचं."

मी म्हणलं, "शपथ. तोंडातून अवाक्षर काढणार नाही."

आणि आजपर्यंत काढलेलं नाही. लिहिण्याबद्दल ती काही बोलली नव्हती.